वीस मिनिटांच्या फरकाने: चेरी क्रीकच्या काठावरचा एक छापखाना

८ मार्च १८५९ रोजी नेब्रास्कातल्या ओमाहा गावाहून दोन गाड्या पश्चिमेकडे निघाल्या. गाड्यांत हाताने दाबायचा लोखंडी छापखाना होता, खिळ्यांच्या, म्हणजे धातूच्या सुट्या अक्षरांच्या, पेट्या, शाईचे डबे आणि कागदाचे गठ्ठे होते. पाचशे मैलांहून अधिक वाट होती आणि ती प्लॅट नदीच्या काठाकाठाने जात होती. वाटेत चिखल लागला, हिमवादळे आली, गाड्या रुतल्या. ज्यांच्या पैशावर हा खटाटोप चालला होता त्यांतला एक भागीदार, डॉक्टर मोनेल, अर्ध्या वाटेवरून परत फिरला. उरले विल्यम बायर्स आणि थॉमस गिब्सन, आणि त्यांच्यासोबत खिळे जुळवणारा तरुण कारागीर जॉन डेली.

त्यांना वर्तमानपत्र काढायचे होते. निघताना पत्राचे नाव ठरले होते, ‘रॉकी माउंटन न्यूज’. ते कुठून निघणार हे मात्र ठरलेले नव्हते.

हे पत्र पुढे, आजच्या कोलोरॅडो राज्यातल्या डेन्व्हर शहरात, जवळजवळ १५० वर्षे चालले. २७ फेब्रुवारी २००९ ला त्याचा शेवटचा अंक निघाला, तेव्हा दीडशे वर्षे पुरी व्हायला ५५ दिवस उरले होते. मी इथे पाहणार आहे ती त्याची पहिली पाच-सहा वर्षेच. सोन्याच्या मागे धावत वसलेल्या गावात वर्तमानपत्र कसे उभे राहते आणि कशाच्या आधारावर टिकते, हे या वर्षांत जितके उघडे दिसते तितके नंतर दिसत नाही. नंतर शहर उभे राहिले, आगगाडी आली, जाहिरातदार आले, आणि पत्र इतर पत्रांसारखे झाले.

बायर्स निघाला तेव्हा त्याला काय ठाऊक होते

बायर्स मूळचा पत्रकार नव्हता. तो जमीन मोजणारा होता. १८३१ साली ओहायोत जन्मलेला हा माणूस १८५२ मध्ये प्लॅटच्या वाटेने थेट ओरेगॉनपर्यंत जाऊन आला होता. नंतर ओमाहात स्थिरावला, तिथल्या जमिनीची आखणी केली आणि नेब्रास्काच्या पहिल्या प्रादेशिक विधिमंडळात बसला. गाव कागदावर कसे जन्माला येते, भूखंड कसे पाडले जातात, कंपनी कशी काढली जाते, हे सगळे त्याने हाताने केलेले होते. ही गावे मरताना पाहणेही त्याच्या वाट्याला आले होते. १८५७ च्या मंदीत बँका बुडाल्या, जमिनीचे भाव कोसळले आणि मिसूरी नदीकाठची कित्येक होतकरू गावे ओस पडली.

त्याने नेलेला छापखाना बेलव्ह्यू गावातल्या ‘गॅझेट’ या बंद पडलेल्या पत्राचा होता. बेलव्ह्यूला प्रदेशाची राजधानी व्हायचे होते, पण राजधानी ओमाहाला गेली. गावाची आशा संपली तसे तिथले पत्रही संपले. तेच यंत्र बायर्सने विकत घेतले. गाव बसले की पत्र बसते, हे त्याला कुणी सांगायची गरज नव्हती. गाडीत ठेवलेले यंत्र त्याचीच साक्ष देत होते.

दुसरी गोष्ट त्याच्या बाजूची नाही, आणि ती नीट लक्षात ठेवली पाहिजे. १८५९ च्या सुरुवातीला त्याने आणखी एकाबरोबर सोन्याच्या प्रदेशाची वाटाड्या-पुस्तिका काढली होती. कोणत्या वाटेने जायचे, सोबत काय न्यायचे, पाणी कुठे मिळेल, हे तिच्यात होते. प्लॅटची वाट त्याला माहीत होती हे खरे, पण ज्या सोन्यासाठी लोकांनी निघायचे ते सोने त्याने पाहिलेले नव्हते. पुस्तिका वाचून निघालेल्या लोकांच्या मागोमाग तोही निघाला. त्यामुळे तिथे सोने निघणे ही त्याच्यासाठी नुसती बातमी राहिली नव्हती. त्याच्या शब्दाची लाज त्यावर अवलंबून होती.

सोने होते तरी किती? १८५८ च्या उन्हाळ्यात जॉर्जियातून आलेल्या विल्यम ग्रीन रसेलच्या टोळीला प्लॅटच्या एका ओढ्यात सोन्याचे कण सापडले. रक्कम फार नव्हती. पण मंदीने गांजलेल्या मिसूरीकाठच्या गावांत ही बातमी पोहोचली आणि तिथल्या पत्रांनी ती फुगवली. त्या गावांचे दुकानदार गाड्या, पीठ, खोरी आणि घमेली विकत होते, माणसे निघाली तर त्यांचा धंदा चालणार होता. १८५९ च्या वसंतात अंदाजे एक लाख लोक वाटेला लागले असे म्हणतात. पाइक्स पीक हे त्या मुलखातल्या डोंगराचे नाव. गाड्यांच्या कापडावर लोकांनी लिहिले होते, पाइक्स पीक गाठू नाहीतर मातीत जाऊ.

एका ओढ्याची दोन गावे

चेरी क्रीक हा ओढा साउथ प्लॅट नदीला मिळतो तिथे १८५८ च्या नोव्हेंबरात समोरासमोर दोन गावे उभी राहिली. पश्चिमेला ऑरेरिया, जॉर्जियाच्या लोकांनी आपल्याकडच्या खाणगावाचे नाव दिलेले. पूर्वेला डेन्व्हर सिटी. दोन्हीकडे ओंडक्यांच्या झोपड्या होत्या आणि दोन्हीकडच्या कंपन्या भूखंड वाटून माणसे ओढत होत्या. कायद्याने हा सगळा मुलूख कॅन्सस प्रदेशात मोडत होता. पण कॅन्ससचे सरकार शेकडो मैल दूर होते आणि इथे त्याची सत्ता नावापुरतीच होती.

त्याआधीचा एक कायदेशीर कागद होता, तो कुणी वाचत नव्हते. १८५१ च्या फोर्ट लॅरमी करारात हाच मुलूख अमेरिकी सरकारने शायेन आणि अरापाहो या तिथल्या आदिवासी लोकांचा म्हणून मान्य केला होता. ज्या जागेवर भूखंड विकले जात होते ती विकण्याचा हक्क कुणालाच नव्हता. अरापाहोंचे तंबू त्या वसंतात गावालगतच पडलेले असत, आणि त्यांचा सरदार लिटल रेव्हन गोऱ्यांच्या भेटीला येई. हा धागा पुढे परत येणार आहे.

बायर्स घोड्यावरून गाड्यांच्या पुढे आला आणि १७ एप्रिलला पोहोचला. तिथे त्याला कळले की छापखाना घेऊन आणखी एक माणूस आधीच आलेला आहे. जॅक मेरिक नावाचा हा गृहस्थ मिसूरीतल्या सेंट जोसेफहून आला होता आणि त्याला ‘चेरी क्रीक पायोनियर’ काढायचे होते. तो आधी पोहोचला होता, पण आपल्याला कुणी स्पर्धक आहे याची कल्पना नसल्याने निवांत होता. यंत्र अजून मांडलेही नव्हते.

बायर्सच्या गाड्या तीन-चार दिवसांनी येऊन पोहोचल्या. जागा मिळाली ऑरेरियात, ‘अंकल डिक’ वूटनच्या दुकानाच्या माळ्यावर. हा वूटन जुना फासेपारधी आणि व्यापारी. आदल्या नाताळात त्याने न्यू मेक्सिकोकडून आणलेल्या दारूची पिंपे फोडून दोन्ही गावांना फुकट पाजली होती आणि त्यावर त्याचा लौकिक उभा राहिला होता. माळ्यावर छापखाना चढवला गेला आणि शर्यत लागली. दोन्ही गावांतले लोक दोन्ही छापखान्यांत फेऱ्या मारत होते, कुणाचे किती जुळले ते पाहत होते. बाहेर बर्फ पडत होते. छप्पर गळत होते, म्हणून यंत्रावर तंबूचे कापड ताणून बांधले गेले आणि त्याच्याखाली डेली आणि इतरांनी काम चालवले.

२२ एप्रिलच्या रात्री ‘न्यूज’चा पहिला अंक हातात आला. त्यावर तारीख होती २३ एप्रिल १८५९. मेरिकचा अंक वीसेक मिनिटांनी निघाला.

ही वीस मिनिटे दंतकथेसारखी सांगितली जातात, पण तिच्यातला खरा मुद्दा सहसा सुटतो. ओमाहा सोडण्याआधीच चार पानांपैकी बाहेरची दोन पाने तयार करून घेतलेली होती. ज्यांनी खिळ्यांचा छापखाना पाहिला आहे त्यांना याचे मोल कळेल. एक-एक खिळा उचलून ओळ भरायची, ओळींचे रकाने करायचे, फर्मा आवळायचा, एक प्रत छापून चुका पाहायच्या, पुन्हा सोडवून पुन्हा आवळायचा. एका पानाचे हे काम दिवसाचे दिवस खाते. बायर्सला ऑरेरियात फक्त आतली दोन पाने जुळवायची होती. शर्यत माळ्यावर जिंकली असे म्हणतात, पण तिचा निम्मा भाग मार्चमध्ये ओमाहातच पार पडला होता.

मेरिकने दुसरा अंक काढलाच नाही. तीस डॉलरला त्याने आपला छापखाना देऊन टाकला आणि सोने शोधायला डोंगरात गेला. मला यात बायर्सची हुशारी दिसते त्याहून अधिक मेरिकचा निर्णय समजतो. दोन्ही गावे मिळून एकच पत्र कसेबसे जगेल हे त्याला एका रात्रीत दिसले असावे. दोघांनी चालू ठेवले असते तर उन्हाळ्याच्या आत दोघेही बुडाले असते.

पहिल्या अंकावर गावाचे नाव ऑरेरिया नव्हते आणि डेन्व्हरही नव्हते. लिहिले होते, चेरी क्रीक, कॅन्सस प्रदेश. कोणत्याही एका काठाचे नाव छापले की दुसरा काठ वर्गणीदार म्हणून हातचा गेला. म्हणून ओढ्याचेच नाव घातले.

माघारी फिरणाऱ्यांच्या लाटेत

पहिल्या अंकानंतर लगेचच संकट उभे राहिले. हातात कण आले नाहीत तेव्हा हजारो माणसे मे महिन्यात परत फिरली. वाटेत भेटणाऱ्या नव्या गाड्यांना त्यांनी सांगितले की सगळी फसवणूक आहे, सोने नाहीच. त्यांच्या बोलण्याने नवी माणसेही माघारी वळली. एक लाखांतले अंदाजे निम्मे पोहोचलेच नाहीत, आणि पोहोचले त्यांतले बरेच परत गेले. या रागाचे लक्ष्य वाटाड्या-पुस्तिका लिहिणारे झाले. बायर्सला फाशी देऊ, गाव जाळू, अशा धमक्या आल्या. ओक्स नावाच्या दुसऱ्या पुस्तिकाकाराची तर वाटेत खोटी थडगी उभारली गेली होती आणि पाइक्स पीकच्या थापेत हात असल्याबद्दल हा इथे पुरला आहे, अशा अर्थाच्या ओळी त्यांवर लिहिलेल्या होत्या. तो स्वतः त्या वाटेने आला आणि आपल्या थडग्यापाशी थांबला.

अशा वेळी बायर्सच्या पत्राचे खरे वाचक कोण होते, हा प्रश्न मला या प्रकरणाचा गाभा वाटतो. ऑरेरियातल्या लोकांना सोने आहे की नाही हे पत्र वाचून कळायचे नव्हते, ते रोज ओढ्यात उभे होते. पत्र वाचले जाणार होते ते पूर्वेकडे, मिसूरीकाठच्या गावांत, जिथे हजारो लोक निघावे की न निघावे या विचारात होते. त्या काळी अमेरिकी टपालाचा नियम असा होता की वर्तमानपत्रे एकमेकांना अंक फुकट पाठवू शकत. संपादक एकमेकांच्या अंकांतले मजकूर कापून आपल्या पानांत लावत. म्हणजे चेरी क्रीकच्या बातम्या देशभर पोहोचवायला बायर्सला फक्त काही अंक पूर्वेला धाडावे लागत. गावाला परगावची बातमीही अशाच अंकांतून मिळत असे, आठवडे जुनी.

टपाल मात्र ऑरेरियात नियमित नव्हते. १८५९ च्या मे महिन्यात लेव्हनवर्थहून घोडागाड्यांची वाहतूक सुरू झाली आणि टपालातल्या प्रत्येक चिठ्ठीमागे २५ सेंट आकार घेऊ लागली. सरकारी टपालाच्या तीन सेंटांशी तुलना केली तर हा भाव भारीच होता, पण लोक देत होते.

जॉर्जियाच्या जॉन ग्रेगरीने ६ मे १८५९ ला डोंगरात, आजच्या सेंट्रल सिटी-ब्लॅक हॉक परिसरात, खडकातली सोन्याची धार शोधली. ओढ्यातल्या कणांपेक्षा ही गोष्ट वेगळी होती. कण धुऊन संपतात, धार खणत जाता येते. बायर्सला जे हवे होते ते मिळाले होते, पण त्याच्या एकट्याच्या शब्दावर आता कोण विश्वास ठेवणार? तो पुस्तिका लिहिणारा.

नेमके त्याच दिवसांत ‘न्यूयॉर्क ट्रिब्यून’चा संपादक होरेस ग्रीली पश्चिमेच्या प्रवासावर होता. तो देशातल्या सर्वांत वजनदार संपादकांपैकी एक. त्याच्याबरोबर बॉस्टनचा अल्बर्ट रिचर्डसन आणि सिनसिनाटीचा हेन्री विलार्ड हे दोन वार्ताहर होते. तिघे ग्रेगरीच्या खाणीवर गेले, सोने निघताना डोळ्यांनी पाहिले आणि एक संयुक्त निवेदन लिहिले. ११ जून १८५९ ला बायर्सने ते आपल्या पत्राचे जादा पत्रक म्हणून छापले.

या निवेदनात सोने आहे असे होतेच. पण त्यात सावधानतेचाही इशारा होता. हिवाळ्यासाठी अन्नधान्य नाही, बहुतेकांच्या हाती काही लागणार नाही, तयारी नसलेल्यांनी धावत येऊ नये, असे तिघांनी लिहिले होते. बायर्सने तोही भाग छापला. इशारा होता म्हणून वाचकाने सोन्याच्या भागावरही विश्वास ठेवला. दुसऱ्या माणसाच्या प्रामाणिकपणाला स्वतःच्या पानात जागा दिली, हे त्या उन्हाळ्यातले त्याचे सर्वांत शहाणपणाचे काम होते असे मला वाटते.

पैसा कुठून, कागद कुठून

वर्गणी आणि जाहिराती सोन्याच्या धुळीत येत. नाणी दुर्मीळ होती. दुकानात तराजू असे आणि चिमूटभर धुळीला २५ सेंट धरले जात. १८६० च्या जुलैत क्लार्क, ग्रुबर कंपनीने डेन्व्हरात स्वतःची सोन्याची नाणी पाडायला सुरुवात केली तेव्हा हा त्रास कमी झाला. त्याआधी ज्याची चिमूट मोठी त्याचा फायदा.

पण वर्गणीवर छापखाना चालत नव्हता. खाणगावात छपाईची इतर कामे भरपूर असतात. प्रत्येक खाणवस्ती स्वतःचे नियम करते, ते छापून हवे असतात. दाव्याच्या नोटिसा, दस्तांचे नमुने, दुकानांची हस्तपत्रके, लिलावाच्या जाहिराती, गावकंपनीचे भूखंडपत्र. छापखाना एकच असेल तर हे सगळे तिथेच येणार. त्यात गावकंपन्या पत्राला भूखंड देत, कारण पत्र निघते त्या गावाची किंमत वाढते. म्हणजे संपादक हा गावातला जमीनदारही होता. गाव वाढले तर त्याची जमीन वाढत होती, गाव मेले तर जमीन आणि पत्र दोन्ही मरणार होती.

कागदाची टंचाई कायमची होती. कागद गाड्यांतून मिसूरीकडून यायचा, आणि बर्फ, पूर किंवा मैदानावरच्या लढाईने वाट अडली की संपायचा. मग दुकानातल्या सामान बांधायच्या कागदावर अंक निघत.

गिब्सनने मेरिकचाच छापखाना घेऊन ग्रेगरीच्या खाणीवर दुसरे पत्र काढून पाहिले, ‘गोल्ड रिपोर्टर’. ते १८५९ च्या ऑगस्टात सुरू झाले आणि फार टिकले नाही. खाणवस्तीतले लोक हिवाळ्यात खाली उतरतात, शहरातले नाही, एवढाच त्यातून धडा घेण्यासारखा होता. पुढे गिब्सनने डेन्व्हरात ‘रॉकी माउंटन हेरल्ड’ काढले आणि १ मे १८६० ला त्याला दैनिक केले. ‘न्यूज’ दैनिक झाले २७ ऑगस्ट १८६० ला. प्रदेशातले पहिले दैनिक जुन्या भागीदाराने काढले, हे बायर्सला बोचले असणार. खिळे जुळवणारा डेली मात्र बायर्सबरोबर राहिला आणि पुढे भागीदार झाला.

खिळ्यांच्या पेटीशेजारी बंदूक

१८६० च्या जुलैत ‘क्रायटेरियन’ दारूगुत्त्याचा मालक चार्ल्स हॅरिसन याने स्टार्क नावाच्या एका कृष्णवर्णीय माणसाला गोळी घातली. ‘न्यूज’ने यावर कडक लिहिले. गावातल्या गुंडगिरीला आळा घाला, अशी मागणी त्याने केली. ३१ जुलैला हॅरिसनचे काही साथीदार छापखान्यात घुसले आणि बायर्सला पिस्तुलाच्या धाकाने ओढत गुत्त्यावर घेऊन गेले. तिथे त्याला हॅरिसननेच मागच्या दाराने सोडवले. बायर्स छापखान्यात परतला, तेव्हा कामगारांनी बंदुका काढून ठेवल्या होत्या. टोळीतला जॉर्ज स्टील घोड्यावरून आला आणि छापखान्यावर गोळ्या झाडल्या. आतून त्याला उत्तर मिळाले, आणि शेवटी एका नागरिकाच्या गोळीने तो मेला.

ज्यांना बायर्स फक्त जमिनीचा जाहिरातदार वाटतो त्यांनी हा प्रसंग पाहावा. गावात न्यायालय नव्हते, पोलीस नव्हते, आणि ज्याच्याविरुद्ध लिहायचे तो शंभर पावलांवर बसलेला होता. तरी त्याने लिहिले. त्याच्यात हिंमत होती. पुढे जे आले ते हिंमत नव्हती म्हणून आले नाही, हे सांगण्यासाठी मी हा प्रसंग दिला आहे.

ओढ्याच्या पात्रातले कार्यालय

१८६० च्या एप्रिलमध्ये दोन्ही गावे एक झाली आणि डेन्व्हर हे नाव राहिले. त्याच वर्षी ‘न्यूज’ने आपले नवे कार्यालय बांधले ते चेरी क्रीकच्या पात्रातच, लाकडी खांबांवर. दोन्ही काठांना सारखेच जवळ. ओढा वर्षातले बहुतेक दिवस कोरडा वाळूचा पट्टा असे. नगरपालिकेची कचेरी आणि काही दुकानेही पात्रात बांधली गेली होती.

अरापाहो लोकांनी गोऱ्यांना बजावले होते की या ओढ्याला मोठा पूर येतो, पात्रात घरे बांधू नका, असे डेन्व्हरच्या जुन्या आठवणींत वारंवार सांगितले जाते. कुणी ऐकले नाही.

१९ मे १८६४ च्या रात्री वरच्या भागात प्रचंड पाऊस झाला आणि मध्यरात्रीनंतर पाण्याची भिंत गावात शिरली. ‘न्यूज’च्या इमारतीत झोपलेली माणसे कशीबशी वाचली. इमारत, वाफेवर चालणारा नवा छापखाना, खिळे, सगळे वाहून गेले. नगरपालिकेची कचेरी तिच्या दप्तरासकट गेली. पंधरा-वीस माणसे मेली. बायर्स आणि डेलीने मग ‘कॉमनवेल्थ’चा छापखाना विकत घेतला आणि जूनच्या अखेरीस ‘न्यूज’ पुन्हा सुरू केले. ‘कॉमनवेल्थ’ म्हणजे गिब्सनच्या ‘हेरल्ड’चेच पुढचे रूप. १८५९ चे भांडवल फिरून पुन्हा एका छपराखाली आले.

डेन्व्हर त्या दशकात जेमतेम जिवंत होते. १८६० च्या जनगणनेत तिथे ४,७४९ माणसे होती आणि १८७० च्या जनगणनेत ४,७५९. दहा वर्षांत दहा माणसांची वाढ. वरवरचे सोने संपत आले होते, खोलवरच्या खडकातून सोने काढायची रीत अजून हाती आली नव्हती, पूर्वेकडे यादवी युद्ध चालू होते, आणि मैदानी वाटेवर शायेन आणि गोऱ्यांची चकमक उडाली की पीठ, कागद, पत्रे सगळेच थांबत. बायर्स, कोलोरॅडो प्रदेशाचा गव्हर्नर जॉन इव्हान्स आणि कर्नल जॉन शिव्हिंग्टन यांनी राज्याच्या दर्जासाठी मोहीम चालवली होती. १८६४ च्या मतदानात ती हरली.

या परिस्थितीत ‘न्यूज’ने शायेन आणि अरापाहो लोकांविरुद्ध जे लिहिले ते वाचताना अंगावर काटा येतो. जूनमध्ये डेन्व्हरजवळच्या एका शेतावर एक गोरे कुटुंब मारले गेले, त्यांची प्रेते गावात आणून लोकांना दाखवली गेली. त्यानंतर पत्राची भाषा उघड संहाराची झाली. शंभर दिवसांसाठी स्वयंसेवकांची पलटण भरली गेली आणि पत्राने भरतीला जोर दिला.

२९ नोव्हेंबर १८६४ ला शिव्हिंग्टनच्या सैन्याने सँड क्रीक या ओढ्यावरच्या, शायेन सरदार ब्लॅक केटलच्या तळावर हल्ला केला. तो तळ लष्कराच्या सांगण्यावरूनच तिथे होता, आणि तंबूवर अमेरिकेचा झेंडा आणि पांढरे निशाण लावलेले होते. दीडशेहून अधिक माणसे मारली गेली, त्यांत बहुतेक बायका, मुले आणि म्हातारी. डिसेंबरमध्ये ‘न्यूज’ने ही मोहीम रेड इंडियनांशी झालेल्या लढायांतल्या सर्वांत तेजस्वी पराक्रमांत गणली.

बायर्सपाशी दुसरी माहिती पोहोचली नव्हती असे म्हणायला जागा नाही. कॅप्टन सायलस सूल आणि लेफ्टनंट जोसेफ क्रेमर यांनी आपल्या तुकड्यांना गोळ्या झाडू दिल्या नव्हत्या. दोघांनी तिथे काय घडले ते चिठ्ठ्यांत लिहून पाठवले. १८६५ च्या सुरुवातीला लष्करी चौकशी डेन्व्हरातच बसली आणि सूलने साक्ष दिली. संसदेच्या चौकशी समितीनेही शिव्हिंग्टनला दोषी ठरवले आणि इव्हान्सला पद सोडावे लागले. ‘न्यूज’ मात्र शिव्हिंग्टनच्या बाजूने उभे राहिले. पत्राच्या दृष्टीने या चौकश्या म्हणजे पूर्वेकडच्या लोकांनी प्रदेशाची केलेली बदनामी होती.

पाच-सहा वर्षांपूर्वी ग्रीलीचा इशारा छापणारा संपादक तोच होता. १८५९ मध्ये बाहेरून आलेल्या माणसाचे खरे बोलणे गावाला वाचवणार होते, म्हणून ते त्याच्या पानात आले. १८६४ मध्ये बाहेरून आणि आतूनही आलेले खरे गावाच्या विरुद्ध गेले, आणि त्याला जागा मिळाली नाही. पत्राचे भूखंड, छपाईची कामे, राज्याच्या दर्जाचे स्वप्न, वाटेवरची कागदाची गाडी, सगळे एका बाजूला होते. हॅरिसनविरुद्ध लिहिताना त्याला फक्त स्वतःचा जीव धोक्यात घालावा लागला होता. इथे त्याला गाव धोक्यात घालावे लागले असते, आणि ज्या माणसाने सगळे गावावर लावले होते त्याला ते जमले नाही. हे कारण मला समजते, तरी त्याने त्या मेलेल्या माणसांचे ऋण कमी होत नाही.

सायलस सूलला डेन्व्हरच्या रस्त्यावर गोळी घालून मारण्यात आले तो दिवस २३ एप्रिल १८६५. ‘न्यूज’च्या पहिल्या अंकाला त्या दिवशी सहा वर्षे झाली होती.

बायर्सने पुढे डेन्व्हरला आगगाडी आणण्यासाठी जिवापाड मेहनत घेतली. १८७० मध्ये शायेन गावाहून पहिली गाडी डेन्व्हरात आली, आणि त्यानंतर शहर खरेच वाढले. १८७८ मध्ये त्याने पत्र विकून टाकले. आता त्याच्यावर वर्गणीदारांचे, जाहिरातदारांचे किंवा गावकंपनीचे बंधन नव्हते. १८८० मध्ये लेखिका हेलन हंट जॅक्सन यांनी सँड क्रीकच्या हत्याकांडाबद्दल ‘न्यूयॉर्क ट्रिब्यून’मध्ये लिहिले. ग्रीलीचेच हे पत्र, एकवीस वर्षांपूर्वी ज्याच्या संपादकाने चेरी क्रीकला वाचवले होते. बायर्सने त्याच पत्राला उत्तर पाठवले आणि शिव्हिंग्टनचे समर्थन केले. जॅक्सन यांनी चौकशीतल्या साक्षींचे उतारे देऊन प्रत्युत्तर दिले. बायर्सने पुन्हा लिहिले.